तुमच्या मुलाच्या फाइलमधले कागद कुठून आले

कराडच्या एका निवृत्त मुख्याध्यापकांचा प्रश्न आहे: "मुलगा २०११ मध्ये एमएस करायला अमेरिकेत गेला, आता न्यू जर्सीत नोकरी करतो. ग्रीन कार्डचा अर्ज नोव्हेंबर २०१६ चा, अजून नंबर नाही. सूनबाई (माहेर रत्नागिरीचं, जन्म मस्कतचा) आणि सात वर्षांची नात त्याच्याबरोबर आहेत. आम्ही वर्गात शिकवत आलो की अमेरिका स्थलांतरितांनी घडवलेला देश. मग तो अचानक असा का वागायला लागला? पूर्वी असं नव्हतं ना? आणि मुलानं आता परत यावं का?"

सर, आधी त्यातला "अचानक" खोडू या. मी न्यू जर्सीत इमिग्रेशनची वकिली करायला लागले त्याला सत्तावीस वर्षं झाली. "या वेळी काही खरं नाही" हे वाक्य मी इथल्या प्रत्येक सरकारच्या कारकिर्दीत ऐकलंय, आणि दर वेळी ते बोलणाऱ्याला मनापासून वाटत असतं की आपल्या आधी सगळं सुरळीत होतं.

तुमच्या मुलाची फाइल मी पाहिलेली नाही, पण तिच्यात काय आहे किंवा पुढे काय येणार आहे ते न बघता सांगते. कामगार खात्याचं सर्टिफिकेशन, कॉन्सुलेटचा शिक्का असलेला पासपोर्ट, ठरावीक डॉक्टरकडची तपासणी, मिळकत आणि देण्यांचा तपशील, घर बदललं की द्यायची वर्दी, आणि जन्मदाखला. यातला जवळपास प्रत्येक कागद कधी ना कधी कुणाला तरी बाहेर ठेवायला जन्माला आला. ज्यांना अडवायचं होतं ती माणसं विस्मरणात गेली, कागद मात्र मागे राहिला आणि पुढच्याच्या फाइलला लागला. या देशाचा स्थलांतराचा इतिहास मी या कागदांवरूनच शिकले, तेव्हा तसाच सांगते.

माझ्या ऑफिसपासून रोझेल गाव गाडीनं वीस मिनिटांवर आहे. जून १८८३ मध्ये आनंदीबाई जोशी न्यूयॉर्कला बोटीतून उतरल्या आणि रोझेलच्या कार्पेंटरबाईंकडे राहिल्या. तिथून त्या फिलाडेल्फियाला वैद्यकीच्या कॉलेजात गेल्या. त्यांना व्हिसा लागला नाही, कोटा आडवा आला नाही, कुणी पगाराच्या स्लिपा मागितल्या नाहीत. आदल्याच वर्षी एक सर्वसाधारण कायदा झाला होता. त्यानुसार दर परदेशी प्रवाशामागे ५० सेंट कर बोटीच्या मालकाकडून वसूल व्हायचा, आणि गुन्हेगार, वेडसर किंवा स्वतःचं पोट न भरू शकणारी माणसं परत पाठवली जायची. एवढंच. तुम्ही वर्गात शिकवलं ते इथपर्यंत खरंच आहे.

आता त्याच सुमाराला कँटनहून सॅन फ्रान्सिस्कोला येणाऱ्या तरुणीची कल्पना करा. तिला १८७५ चा पेज कायदा लागू होता. ती वेश्याव्यवसायासाठी आणलेली नाही हे तिनं आधी हाँगकाँगमध्येच अमेरिकी वकिलातीला पटवून द्यायचं आणि इथल्या बंदरावर पुन्हा द्यायचं. आणि १८८२ मध्ये चिनी मजुरांना दहा वर्षांसाठी पूर्ण बंदी झाली. एकाच देशाची दोन दारं, एकच काळ. आनंदीबाई ज्या दारातून आल्या ते मोकळं होतं कारण हिंदुस्थानातून कुणी येतच नव्हतं. त्या आपल्याला आवडल्या म्हणून इथे सगळ्यांना आवडतील अशी काही सोय कायद्यात नव्हती. उलट १७९० पासून नागरिकत्व फक्त "मुक्त गोऱ्या माणसा"ला मिळू शकत होतं. यादवी युद्धानंतर, १८७० मध्ये, त्यात आफ्रिकी वंशाच्या लोकांची भर पडली. आशियाई माणूस या दोन्हींत नव्हता.

चिन्यांवर एवढा राग का? सोन्याच्या खाणींसाठी ते आले, सेंट्रल पॅसिफिक रेल्वेचा डोंगरातला अवघड भाग त्यांनी खोदला. १८६९ मध्ये रेल्वे जोडली गेली, १८७३ मध्ये मंदी आली, आणि कॅलिफोर्नियात बेकार माणसांना एक नेता मिळाला: डेनिस कर्नी. प्रत्येक भाषणाच्या शेवटी तो म्हणायचा, चिन्यांनी गेलंच पाहिजे. हा कर्नी स्वतः आयर्लंडच्या कॉर्क परगण्यात जन्मलेला, नागरिक होऊन दोन-चार वर्षंही झाली नव्हती. त्याच्या आधीच्या पिढीत, १८४४ मध्ये, फिलाडेल्फियात आयरिश कॅथलिकांची चर्च जाळली होती, आणि १८५० च्या दशकात "नो-नथिंग" नावाचा एक अख्खा पक्ष त्यांच्या विरोधावर उभा राहिला होता. नुकत्याच आलेल्यालाच दार लावायची घाई जास्त, हे मी माझ्या वेटिंग रूममध्येही रोज बघते.

चिनी बंदीच्या काळातला एक खटला मात्र थोडा थांबून सांगते, कारण तो तुमच्या मुलाच्या पासपोर्टावर आजही उमटलेला आहे.

छे चान पिंग नावाचा मजूर १८७५ पासून सॅन फ्रान्सिस्कोत राहत होता. बारा वर्षांनी, जून १८८७ मध्ये, तो गावी गेला. जाताना कायद्याप्रमाणे परतीचा दाखला घेतला: हा माणूस इथला रहिवासी आहे, परत येऊ शकतो, सरकारी सही-शिक्क्यासह. सप्टेंबर १८८८ मध्ये तो हाँगकाँगहून "बेल्जिक" बोटीत बसला. बोट समुद्रात असताना, १ ऑक्टोबरला, स्कॉट कायद्यावर सही झाली आणि असे सगळे दाखले रद्द झाले. ८ ऑक्टोबरला बोट सॅन फ्रान्सिस्कोला लागली. दाखला हातात, पण कागदाला किंमत शून्य. तो कोर्टात गेला, सर्वोच्च न्यायालयापर्यंत लढला, आणि १८८९ मध्ये एकमतानं हरला. न्यायमूर्ती फील्ड यांनी सांगितलं ते थोडक्यात असं: परक्याला आत घ्यायचं की नाही हा सार्वभौम सरकारचा अधिकार आहे, आणि त्याला दिलेली परवानगी सरकार हवी तेव्हा काढून घेऊ शकतं.

हा निकाल आजतागायत उलटवलेला नाही. आम्ही वकील मंडळी ज्याला "प्लेनरी पॉवर", म्हणजे सरकारचा पूर्णाधिकार, म्हणतो तो हाच. २०१८ मध्ये काही देशांवरच्या प्रवासबंदीचा खटला सरकारनं जिंकला, त्याच्या मुळाशीही हाच विचार होता.

१९ सप्टेंबर २०२५ ची शुक्रवार संध्याकाळ मला आठवते. एच-वन-बी व्हिसावर, म्हणजे शिकलेल्या नोकरदारांच्या तात्पुरत्या व्हिसावर, एक लाख डॉलर शुल्काचा जाहीरनामा निघाला, शनिवारी मध्यरात्रीनंतर लागू. माझा फोन दुसऱ्या दिवशी संध्याकाळपर्यंत थांबला नाही. एक मुलगा वडिलांच्या पक्षाला नाशिकला गेलेला. सर्वपित्री अमावास्या रविवारी होती. तो विचारत होता, "ताई, श्राद्ध सोडून निघू का?" मुंबईहून न्यूअर्कची तिकिटं तोवर दुप्पट-तिप्पट झाली होती आणि तरी वेळेत पोचणं शक्य नव्हतं. दुसऱ्या दिवशी खुलासा आला की शुल्क फक्त नव्या अर्जांना आहे, आधीच्या व्हिसाधारकांना नाही. तो श्राद्ध करून सावकाश आला. पण त्या रात्री मी त्याला काय सांगत होते? "तुझ्या हातातला व्हिसा वैध आहे, तरी खात्री देता येत नाही." म्हणजे छे चान पिंगला त्याच्या वकिलानं जे सांगितलं असेल तेच. "स्टॅम्पिंगला (पासपोर्टावर नव्या व्हिसाचा शिक्का घ्यायला) भारतात जाऊ की नको" हा आमच्याकडचा बारमाही प्रश्न आहे, आणि त्याचं उत्तर १८८९ पासून बदललेलं नाही.

१८९२ मध्ये पुढची पायरी आली. इथे आधीपासून राहणाऱ्या प्रत्येक चिनी मजुरानं नोंदणी करून रहिवासी दाखला घ्यायचा. पुढच्या वर्षी त्यावर फोटो आला. दाखल्याशिवाय सापडला तर तो बेकायदाच धरायचा, आणि सुटका हवी तर किमान एक "विश्वासार्ह गोरा साक्षीदार" आणायचा. चिनी संघटनांनी नोंदणीवर बहिष्कार घातला आणि बहुसंख्य लोकांनी तो पाळला. कोर्टात ते हरले. जोहान्सबर्गला गांधीजींनी आशियाई नोंदणीचे दाखले १९०८ मध्ये जाळले, ते आपल्याला पाठ असतं. सॅन फ्रान्सिस्कोत तोच लढा पंधरा वर्षं आधी झाला होता, हे मला वकील झाल्यावर कळलं.

तो दाखला पुढे सगळ्यांना लागला. १९४० मध्ये, युद्धाच्या धास्तीत, चौदा वर्षांवरच्या प्रत्येक परदेशी माणसानं पोस्टात जाऊन बोटांचे ठसे द्यायचे असा कायदा झाला. तुमच्या मुलाच्या कागदांवर "ए-नंबर" (परदेशी माणसाचा नोंदणी क्रमांक) येतो तो त्या नोंदणीतून आला. घर बदललं की दहा दिवसांत जो फॉर्म भरावा लागतो त्याचं नाव अजूनही एआर-११ आहे. एआर म्हणजे "एलियन रजिस्ट्रेशन", १९४० चंच. आणि या नोंदणीची पावती दुसऱ्या महायुद्धानंतर हिरव्या कागदावर मिळायला लागली. ज्याच्यासाठी आपण देवाला नवस बोलतो ते ग्रीन कार्ड म्हणजे मुळात पहाऱ्याची चिठ्ठी.

मधल्या काळात पूर्वेच्या बाजूला एलिस आयलंड उघडलं होतं, १ जानेवारी १८९२ ला. पर्यटक म्हणून तुम्ही तिथे जाल तेव्हा गाइड डोळ्यांत पाणी आणील. एक कोटी वीस लाखांच्या आसपास माणसं तिथून आली आणि परत पाठवलेली फार तर दोन टक्के, हे खरं आहे. पण वरच्या हॉलमध्ये उभं राहून एक प्रश्नोत्तर डोळ्यांसमोर आणा. जिना चढताना कोण धापा टाकतंय ते डॉक्टर बघत असायचे आणि संशय आला की कोटावर खडूनं अक्षर काढायचे. त्यातून सुटलात की अधिकारी विचारणार: "इथे काम ठरलंय का?" आपल्याला वाटतं, "हो" म्हणावं. "हो" म्हणणारा परत जायचा! कारण १८८५ च्या कायद्यानं आधी करार करून मजूर आणायला बंदी होती, युनियनांच्या आग्रहावरून. मग "नाही" म्हणावं तर पुढचा प्रश्न: "मग पोट कसं भरणार?" कारण स्वतःचा भार न पेलणाऱ्याला १८८२ पासून मज्जाव. तेव्हा बरोबर उत्तर होतं: काम ठरलेलं नाही, पण अंगात ताकद आहे आणि खिशात थोडे पैसे आहेत. गावोगावचे दलाल हे उत्तर घोकून घ्यायचे, आज मी इंटरव्ह्यूची तयारी करून घेते तशीच.

आज नेमकं उलट आहे. काम ठरलेलं नसेल तर तुमच्या मुलाला दार नाही, आणि ते काम करायला इथला कुणी मिळाला नाही हे कंपनीनं जाहिराती देऊन कामगार खात्याला दाखवायचं. नियम उलटा झाला तरी त्यामागची धास्ती तीच राहिली. "भार होईल का" हा प्रश्न तर ग्रीन कार्डच्या शेवटच्या अर्जात अजून आहे. १९१० च्या आसपास पश्चिम किनाऱ्यावर तो आपल्या लोकांवर कसा चालवला ते ऐका: पंजाबी मजूर धडधाकट आहे, पण इथल्या लोकांचा त्याच्यावर राग असल्यामुळे त्याला काम कुणी देणार नाही, म्हणून तो भार होईल, म्हणून परत पाठवा. तर्क म्हणून याला तोड नाही.

तो राग खराच होता. सप्टेंबर १९०७ मध्ये वॉशिंग्टन राज्यातल्या बेलिंगहॅममध्ये जमावानं लाकूडगिरण्यांतल्या पंजाबी मजुरांना रात्रीत गावाबाहेर हाकललं. वर्तमानपत्रं त्यांना "हिंदू" म्हणत, बहुतेक जण शीख असूनही. हिंदुस्थानातला तो हिंदू. १९१७ मध्ये नकाशावर चक्क रेषा आखून आशियाचा मोठा पट्टा, त्यात हिंदुस्थान, बंद करण्यात आला. विद्यार्थ्यांना सूट होती. त्याच कायद्यात साक्षरतेची अट आली, राष्ट्राध्यक्ष विल्सन यांचा नकाराधिकार डावलून.

आणि मग भगतसिंग थिंड. (आपल्या भगतसिंगांचा यांच्याशी संबंध नाही, दर वेळी कुणीतरी विचारतं.) हे अमृतसरकडचे, १९१३ मध्ये आले, ऑरेगनच्या लाकूडगिरण्यांत राबले, पहिल्या महायुद्धात अमेरिकी सैन्यात भरती झाले. डिसेंबर १९१८ मध्ये गणवेशातच त्यांना नागरिकत्व मिळालं आणि चार दिवसांत काढून घेतलं गेलं. १९२० मध्ये ऑरेगनच्या न्यायाधीशानं पुन्हा दिलं. सरकारनं अपील केलं.

त्याच सुमाराला ओझावा नावाच्या जपानी माणसाचा खटला सर्वोच्च न्यायालयात होता. नोव्हेंबर १९२२ मध्ये निकाल आला: गोरा म्हणजे कॉकेशियन, जपानी तो नव्हे. थिंड यांच्या बाजूला वाटलं, जिंकलो. त्या काळचं वंशशास्त्र उत्तर हिंदुस्थानी माणसाला कॉकेशियन म्हणत होतं. त्यांच्या युक्तिवादात "उच्चवर्णीय हिंदू, शुद्ध आर्य रक्ताचा" हे तर होतंच, शिवाय असंही होतं की उच्चवर्णीय हिंदू हिंदुस्थानातल्या मूळ "मंगोलवंशी" जमातींकडे लग्नसंबंधांत त्याच नजरेनं बघतो ज्या नजरेनं अमेरिकी माणूस निग्रोकडे बघतो. वाचताना मान खाली जाते. तीनच महिन्यांनी, फेब्रुवारी १९२३ मध्ये, ओझावाचा निकाल लिहिणाऱ्या न्यायमूर्ती सदरलँड यांनीच सांगितलं: शास्त्र काहीही म्हणो, रस्त्यावरचा सामान्य माणूस ज्याला गोरा म्हणेल तो गोरा, आणि तुम्हाला तो म्हणणार नाही. भिंत पाडा असं थिंड यांचं म्हणणं नव्हतं. भिंतीच्या आतली एक खुर्ची त्यांना हवी होती. आमच्या इथल्या मंडळांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर "आम्ही शिकलेले, कर भरणारे, सीमेवरून घुसणाऱ्यांसारखे नाही" अशा पोस्ट फिरतात तेव्हा मला त्या कैफियतीची आठवण येते. म्हणून मी ग्रुप म्यूट ठेवलाय.

थिंड यांचे एक वकील होते सखाराम गणेश पंडित. नाव आपल्या ओळखीच्या वळणाचं. ते स्वतः १९१४ मध्ये नागरिक झालेले, पुढे कॅलिफोर्नियात वकिलीची सनद घेतलेले. थिंड हरल्यावर सरकारनं आधी दिलेली हिंदुस्थान्यांची नागरिकत्वं एकेक करून रद्द करायला घेतली आणि पंडितांवरही खटला भरला. आता त्यांनी वंशाची गोष्टच काढली नाही. म्हणाले, तुम्ही मला १९१४ मध्ये सगळं माहीत असताना नागरिक केलंत. त्या भरवशावर मी सनद घेतली, लग्न केलं, घरदार उभं केलं. आता मागे फिरता येणार नाही. १९२६ मध्ये अपील कोर्टानं ते मानलं, पुढच्या वर्षी सर्वोच्च न्यायालयानं दखल घ्यायला नकार दिला, आणि सरकारनं बाकीचे खटले गुंडाळले. वकील म्हणून माझा जीव या दुसऱ्या खटल्यावर आहे. मोठ्या तत्त्वावर हरलेला माणूस तारखा आणि कागद पुढे करून जिंकला. थिंड यांना शेवटी १९३६ मध्ये, माजी सैनिकांसाठीच्या वेगळ्या कायद्याखाली, नागरिकत्व मिळालं.

तुमच्या मुलाला ज्यानं अडवलंय तो कोटा याच काळातला. १९२१ मध्ये ठरलं: १९१० च्या जनगणनेत ज्या देशात जन्मलेले जितके लोक इथे होते त्याच्या ३ टक्के, दर वर्षी. तरी इटालियन आणि पूर्व युरोपातले ज्यू फार येतात म्हणून १९२४ मध्ये २ टक्के केले, आणि हिशेबाला धरली १८९० ची जनगणना. तेव्हा ही मंडळी इथे फारशी आलेलीच नव्हती! इटलीचा कोटा ४२,०५७ वरून ३,८४५ वर आला. जपान्यांसाठी "नागरिकत्वाला अपात्र ते प्रवेशाला अपात्र" असं कलम. व्हिसा आपापल्या देशातल्या कॉन्सुलेटमधून आधीच घ्यायचा ही पद्धतही तेव्हाच पक्की झाली, म्हणजे नकार समुद्रापलीकडेच देता येतो आणि बंदरावर रडारड होत नाही. १९३९ मध्ये "सेंट लुइस" बोटीतले नऊशेवर ज्यू फ्लोरिडाचे दिवे बघून युरोपला परत गेले. त्यातले अडीचशेवर लोक पुढे मारले गेले. आदल्या वर्षीच्या एका पाहणीत दोन तृतीयांश अमेरिकनांनी निर्वासित नकोत असं सांगितलं होतं.

मेक्सिकोवर कोटा नव्हता, शेतावर माणसं लागत होती म्हणून. १९३० च्या दशकातल्या मंदीत त्यांना गाड्या भरभरून परत पाठवलं, १९४२ पासून "ब्रासेरो" नावाच्या मजूर योजनेत पुन्हा बोलावलं, १९५४ मध्ये धाडी घालून पुन्हा हाकललं. तो स्वतंत्र विषय आहे.

आपल्यासाठी १९४६ मध्ये फट उघडली: वर्षाला १०० हिंदुस्थानी आणि नागरिकत्वाचा हक्क. खरं दार उघडलं १९६५ मध्ये. ३ ऑक्टोबरला राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनी स्वातंत्र्यदेवतेच्या पुतळ्याखाली बसून सही केली आणि म्हणाले, हा काही क्रांतिकारक कायदा नाही. ते खोटं बोलत नव्हते, त्यांना तसंच वाटत होतं. अमेरिकी संसदेतल्या मायकेल फीहान यांनी नातेवाइकांना प्राधान्य देण्याचा आग्रह धरला तो याच हिशेबानं की इथे नातेवाईक आहेत गोऱ्यांचे, तेव्हा येतील तेही गोरेच. आशियातून आधी डॉक्टर-इंजिनिअर येतील, मग तेच भावंडांना बोलावतील, हे कुणाच्या ध्यानात आलं नाही. १९६० मध्ये भारतात जन्मलेले इथे जेमतेम १२ हजार होते, आज पंचवीस लाखांच्या वर आहेत. ज्या अमेरिकेला तुम्ही "पूर्वीची" म्हणता ती ही, एका चुकलेल्या हिशेबातून झालेली.

पण त्याच कायद्यात तुमचं आजचं दुखणं आहे. १९२४ चा पक्षपात धुऊन काढायला प्रत्येक देशाला सारखी मर्यादा दिली: पूर्व गोलार्धात दर देशी वर्षाला २०,००० पर्यंत. १९९० मध्ये त्याचं ७ टक्के झालं. नोकरीवरची ग्रीन कार्डं वर्षाला १,४०,०००, त्यातच बायका-मुलंही मोजायची, आणि कुठल्याही एका देशाला साधारण ७ टक्के. आइसलंडलाही ७, भारतालाही ७. उरलेली कार्डं भारताकडे वळतात, पण त्यानं रांग हटत नाही. त्याच १९९० च्या कायद्यानं एच-वन-बी आणला, त्याला मात्र देशाची मर्यादा नाही. नळ मोठा, मोरी बारीक. म्हणून दर महिन्याच्या व्हिसा बुलेटिनमध्ये (कुठल्या तारखेपर्यंतच्या अर्जांचा नंबर लागला ते सांगणारं सरकारी पत्रक) भारताच्या रकान्यात दहा-बारा वर्षांपूर्वीच्या तारखा दिसतात. २०१९ मध्ये ही मर्यादा काढायचं विधेयक प्रतिनिधिगृहात ३६५ विरुद्ध ६५ मतांनी पास झालं, पुढच्या वर्षी सिनेटनं वेगळा मसुदा पास केला, आणि दोन्हींचा मेळ बसलाच नाही. विरोध करणाऱ्यांत इतर देशांतले स्थलांतरितही होते. आपल्या वाट्याचं जाईल म्हणून.

माणसांच्या मनाचं काय? परदेशात जन्मलेल्यांचं प्रमाण १८९० मध्ये १४.८ टक्के होतं, १९७० मध्ये ४.७, आणि आता पुन्हा १४-१५ च्या आसपास. प्रमाण कमी असताना माणसं उदार होतात, असं वाटतं खरं, पण मला ते पुरतं पटत नाही. १९८७ मध्ये आमच्या जर्सी सिटीत "डॉटबस्टर्स" नावाची टोळी कुंकू लावणाऱ्या बायकांना आणि त्यांच्या घरच्यांना मारत फिरत होती; शेजारच्या होबोकेनमध्ये एका भारतीय तरुणाचा जीव गेला. तेव्हा आपण होतोच किती? उलट गॅलपच्या पाहणीत २०२४ मध्ये ५५ टक्के लोकांना स्थलांतर कमी व्हायला हवं होतं, २०२५ मध्ये तेच म्हणणारे ३० टक्क्यांवर आले. बारा महिन्यांत मन इतकं फिरतं. कायदा मात्र साठ वर्षं तसाच बसतो. म्हणून मी अशिलांना सांगते, बातम्या कमी बघा, बुलेटिन बघा.

नात इथे जन्मली असेल तर ती नागरिक. हा हक्क वाँग किम आर्क नावाच्या, सॅन फ्रान्सिस्कोत जन्मलेल्या एका चिनी स्वयंपाक्यानं १८९८ मध्ये लढून मिळवला. जानेवारी २०२५ च्या आदेशानं त्याला हात घातला तो पुढे जन्मणाऱ्या मुलांबाबत, आणि कोर्टांनी तो लगेच अडवला. तुमच्या नातीच्या दाखल्याला धक्का नाही.

मुलानं परत यावं का, हे मी सांगणार नाही. पण तुम्ही कंसात जे लिहिलंय ते मी दोनदा वाचलं. सूनबाईंचा जन्म मस्कतचा.

सर, कोट्यासाठी देश मोजतात तो जन्माचा. नागरिकत्व, माहेर, मातृभाषा काही बघत नाहीत. हा १९२४ च्या विचाराचा अवशेष आहे आणि एरवी मी त्याला शिव्या घालते. पण नवरा-बायकोची ताटातूट होऊ नये म्हणून कायद्यात सोय आहे: एकाचा जन्मदेश दुसऱ्याला लावता येतो. सूनबाई ओमानमध्ये जन्मल्या असतील तर तुमच्या मुलाला भारताच्या रांगेत उभं राहायची गरजच नाही. ओमानसाठी जी तारीख लागू होते तिनं नोव्हेंबर २०१६ केव्हाच मागे टाकलंय. दोघांनी शेवटचा अर्ज एकत्र भरायचा, एवढीच अट. कंपनीच्या वकिलानं हे आजवर सांगितलं नसेल तर नवल नाही. त्यांच्या छापील फॉर्मात कर्मचाऱ्याचा जन्मदेश विचारतात, बायकोचा कुणी बघत नाही. अशी दोन कुटुंबं माझ्याकडे आठ-नऊ वर्षं उगाच थांबून आली होती.

आता कामाचं. सूनबाईंच्या पासपोर्टावर "जन्मठिकाण" पुढे काय छापलंय ते आजच बघायला सांगा. आखातात जन्मलेल्या कित्येक मुलांच्या कागदांवर आजोबांनी "आपलं गावच लिहा" म्हणून रत्नागिरी घातलेलं असतं. तसं असेल तर आधी ते दुरुस्त करावं लागेल. मस्कतच्या आरोग्य खात्याचा मूळ जन्मदाखला, नसेल तर तिथल्या भारतीय वकिलातीतली जन्मनोंद, आणि शाळा सोडल्याचा दाखला त्याच्याशी जुळतोय का तेही पाहा. व्याहीबुवांकडे जुन्या ट्रंकेत सापडेल. अरबीतला असला तरी चालेल, भाषांतर इथे करून घेता येतं.